ढाकूकाकाची राणी

घिवली सोडली त्या सकाळी आय मला पोचवायला आली नाही. होड्या बोंबलांनी भरून लागल्या होत्या, आणि ओली मासळी कुणाच्या मुलीच्या कॉलेजासाठी थांबत नाही. टोपली डोक्यावर चढवता चढवता ती एवढंच म्हणाली, "रडत जाऊ नको. लोकं बगतात." मी रडत नव्हतेच. रडत होता ढाकूकाका, माझ्या बाबांचा धाकटा भाऊ. सहा फूट उंच, मनगट वल्ह्यासारखं, आणि सगळ्यांसमोर हुंदके देत होता.

तारापूरच्या अणुकेंद्राचं काम तेव्हा नुकतंच सुरू झालं होतं. खडी टाकून रिकामा परतणारा एक ट्रक काकाने हात करून थांबवला. ड्रायव्हर म्हणाला, "बिटिया पढ़ने जा रही है? आगे बैठो, आगे." काका मागे उभा राहिला. बोईसरला उतरलो तेव्हा तो धुळीने पांढरा झाला होता आणि गालांवर पाण्याचे दोन ओघळ तेवढे काळे होते. माझी ट्रंक मुंबईच्या गाडीत चढवून तो म्हणाला, "कमळे, कोनी दरडावलं तं मला कळव. मी येतो." तो आला असता, यात मला आजही शंका नाही. मीच कळवलं नाही.

हे मी घिवलीतल्या माझ्या माणसांसाठी लिहिते आहे, आणि आपल्या किनाऱ्यावरून जे कॉलेजात, कारखान्यात, कचेरीत गेले त्यांच्यासाठीही. चिडून लिहिते आहे. वय झालं की राग निवतो म्हणतात. माझा निवला नाही, आणि तो निवावा अशी माझी इच्छाही नाही.

मुंबईत मी इंग्रजी विषय घेतला तो हट्टाने. चिंचणीच्या शाळेत माझं इंग्रजी बरं होतं. कॉलेजात पहिल्याच आठवड्यात कळलं की ते बरं नव्हतं. वर्गातल्या मुली इंग्रजीत हसायच्यासुद्धा. मी तोंड मिटून लायब्ररीत जाऊन बसायची. तिथे शेवटच्या कपाटात, खालच्या दोन फळ्यांवर, इंग्रजी रंगभूमीच्या इतिहासाची आणि नाट्यसमीक्षेची जाड पुस्तकं होती. त्यांना कुणी हात लावत नसे. पहिलं उघडलं ते चित्रांसाठी. लंडनमधली जुनी नाटकघरं, मधे उघडं आकाश, खाली उभे प्रेक्षक, आणि राणीच्या पोशाखातला एक मुलगा. खाली लिहिलं होतं, त्या काळी स्त्रियांना रंगमंचावर बंदी असल्यामुळे त्यांच्या भूमिका मुलगे करीत.

मला हसूच फुटलं. यात शिकायचं काय होतं? आमच्या घिवलीत शिमग्याला नाटक व्हायचं तेव्हा राणी ढाकूकाकाच असायचा. दिवस कलायच्या आधी वाळूत दोन होड्या शेजारी शेजारी ओढायच्या, त्यांवर फळ्या टाकायच्या, मागे जुनं शीड पडदा म्हणून बांधायचं. नाटक गावानेच जुळवलेलं. काका आठ दिवस आधी मिशी काढायचा आणि घरातल्या घरात राणीसारखा चालून बघायचा. काकी त्याला स्वतःचं लुगडं नेसवायची आणि म्हणायची, "पदर वडू नको, फाटंल." तो फळीवर चढला की बायका हसायच्या नाहीत. राणीचं पोर मरायचं त्या वेळी तो ओरडायचा नाही. नुसता खाली बसायचा आणि वाळूवर हात फिरवत राहायचा. मी पुढच्या रांगेत बसून पाहिलंय. ज्यांची माणसं समुद्राने ठेवून घेतली होती त्या बायका उठून बाजूला जायच्या.

त्या दोन फळ्या मी तीन वर्षांत वाचून काढल्या. शब्दकोश मांडीवर घेऊन. चर्चसमोर सुरू झालेली नाटकं गाड्यांवर चढून रस्त्यात कशी आली, बंदी कुणी घातली, नटांना भटक्यांत का मोजलं, सगळं. पुस्तकातलं प्रत्येक पान मला घिवलीच्या वाळूवर नेऊन सोडत होतं आणि मी ते लिहून ठेवत होते, मराठीत.

आमचे इंग्रजीचे सर मराठीतून इंग्रजी नाटकाचा इतिहास लिहीत होते. विद्यार्थ्यांना मराठीत असं पुस्तक नव्हतं. त्यांनी मला लायब्ररीत पाहिलं, वह्या मागितल्या, दोन दिवसांनी परत बोलावलं. "तुमची समज चांगली आहे," ते म्हणाले. मला आयुष्यात कुणी 'तुम्ही' म्हटलं ते पहिल्यांदा. मी पाघळले. एकेक काळ वाचून त्याचं प्रकरण तयार करून द्यायचं, असं ठरलं. कुणी ठरवलं हे मला आठवत नाही. मी दोन वर्षं लिहीत होते. स्त्रीभूमिकांच्या प्रकरणात मी ढाकूकाका घातला; त्याचं नाव, गाव, शिडाचा पडदा, वाळूवरचा हात, सगळं. सर म्हणाले, "हे तर फारच सुंदर." तेवढ्यावर मी सुटीत घरी जाऊन सांगितलं, काका पुस्तकात येणार.

गावभर झालं. काका बोईसरच्या बाजारात अनोळखी गिऱ्हाइकांनासुद्धा सांगायचा.

पुस्तक निघालं तेव्हा मी एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते. सरांनी एक प्रत सही करून दिली. वर त्यांचं नाव. प्रस्तावनेच्या शेवटी मी होते: मुद्रणप्रत सुवाच्य अक्षरात लिहून दिल्याबद्दल एका विद्यार्थिनीचे आभार. मी ते वाचलं, गिळलं. मनाशी म्हटलं, नाव काय, काका तर आत आहे! त्याच शनिवारी घिवलीला निघाले. आतलं पान उघडून पाहिलंसुद्धा नाही. माझंच लिहिलेलं मी कशाला तपासू?

दुपारी काकाच्या अंगणात माणसं जमली. बोंबील वाळत घातलेल्या काठ्यांच्या सावलीत बायका बसल्या. काकाने धुतलेला सदरा घातला होता. मी उभी राहिले, पान काढलं आणि नजर खाली गेली. छापलं होतं असं: आपल्याकडेही अशी हास्यास्पद उदाहरणे आढळतात. प्रस्तुत लेखकाने एका दूरच्या कोळीवाड्यात, दाढीचे खुंट वाढलेला एक अडाणी कोळी राणी झालेला पाहिला आहे. प्रेक्षक हसून लोळत होते.

सर घिवलीला कधी आलेच नव्हते.

मी वाचत राहिले. म्हणजे, नजर पानावर ठेवली आणि मी जे लिहिलं होतं ते आठवून आठवून म्हणत गेले. ढाकूकाका, घिवली, शीड, वाळूवरचा हात. आवाज कापत होता. लोकांना वाटलं, आनंदाने. काका मान खाली घालून ऐकत होता. संपल्यावर कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत, आमच्याकडे तशी रीत नाही. आय पुढे झाली आणि पुस्तकावरून तिने हात फिरवला.

मग माझा चुलतभाऊ भिकू, काकाचा मोठा मुलगा, म्हणाला, "दे बगू." तो केंद्राच्या कामावर मुकादम होता, सातवी झालेला. मी म्हटलं, नंतर बघ. तो हसला, पुस्तक काढून घेतलं आणि परत मोठ्याने वाचू लागला, बापाचं कौतुक स्वतःच्या तोंडाने ऐकवायला. दुसऱ्या ओळीवर त्याचा आवाज बसला. पण तो थांबला नाही. शेवटपर्यंत वाचलं. पुस्तक मिटून माझ्या हातात दिलं आणि तो बाहेर निघून गेला.

काका बराच वेळ हनुवटीवरून हात फिरवत होता. "दाडी मी करूनच चडायचो," तो म्हणाला. कुणाला म्हणाला कोण जाणे. "आनि कोन हसत नव्हतं. हसत होते काय, गो?"

बायकांनी माना हलवल्या. मी सांगायला लागले, काका, हे मी लिहिलेलं नाही, हे सरांनी बदललंय. काकाने मला थांबवलं. "तू वाचलंस ते ब्येस होतं," तो म्हणाला, आणि आत गेला.

सोमवारी मी सरांच्या खोलीत उभी होते. किती वाक्यं पाठ करून गेले होते! सर चष्मा पुसत म्हणाले, "तुम्ही फार मनाला लावून घेता. विद्यार्थ्यांना रूक्ष विषयात जरा विनोद लागतो."

"तो माझा काका आहे."

"नाव तर मी काढून टाकलं ना? उलट तुमची काळजीच घेतली."

"आणि बाकीची प्रकरणं?"

त्यांनी माझ्याकडे खरंच नवल वाटल्यासारखं पाहिलं. "ती पुस्तकं काय तुमची होती? वाचून टिपणं काढलीत. हजार जण काढतात. अक्षराबद्दल आभार मानलेत मी." मग ड्रॉवर उघडून त्यांनी एक कागद पुढे केला. माझं शिफारसपत्र होतं. नोकरीसाठी मीच मागितलं होतं, महिन्यापूर्वी.

मी ते घेतलं.

तुमच्यापैकी पुष्कळांना वाटतं की कमळीने सरांच्या तोंडावर कागद फेकला. भिकूने गावात तसं सांगितलं होतं, मला वाचवायला. तसं झालं नाही. मी घडी घालून पर्समध्ये ठेवलं, "थँक यू, सर" म्हटलं, आणि त्याच कागदावर मला कॉलेजात नोकरी लागली. सरांवर मी चिडले आहे ती आहेच. पण त्या 'थँक यू'वर जास्त चिडले आहे.

पुढच्या शिमग्याला काका फळीवर चढला नाही. भिकूच्या मित्राला लुगडं नेसवलं, लोक हसले, आणि त्याच्या पुढच्या वर्षी नाटकच झालं नाही. गावाला वेळही नव्हता म्हणा. निम्मे तरुण केंद्रावर कामाला, पाळ्यांची नोकरी. पण मला ठाऊक आहे, पाळ्यांमुळे नाही.

मी शिकवायला लागले त्या कॉलेजच्या लायब्ररीत सरांच्या पुस्तकाच्या सहा प्रती होत्या. पहिल्याच टर्ममध्ये एका दुपारी मी त्या सगळ्या टेबलावर घेतल्या आणि त्या पानाच्या समासात शाईने लिहिलं: हा मनुष्य अडाणी नाही. ह्याचे नाव ढाकू, गाव घिवली. हा राणीचे काम करी तेव्हा लोक रडत. लेखकाने हे नाटक पाहिलेले नाही. खाली सही केली, पूर्ण नावाची. ग्रंथपालांनी तक्रार केली, प्राचार्यांनी बोलावून समज दिली की कॉलेजची मालमत्ता खराब केल्याबद्दल यापुढे कारवाई होईल. मी म्हटलं, करा. सातवी प्रत आली तेव्हा तिच्यातही लिहिलं. मुलं ते पान शोधून काढून वाचायची. एकीने वर्गात विचारलं, "मॅडम, ढाकू कोण?" त्या दिवशी मी तास संपेपर्यंत दुसरं काही शिकवलं नाही.

काकाला मी हे सांगायला गेले तेव्हा तो जाळं विणत होता. त्याने ऐकून घेतलं, सुतळी दातांनी तोडली आणि म्हणाला, "सात पुस्तकात लिवलंस. बाकीची किती छापली?" तो गेला त्याला आता पुष्कळ वर्षं झाली.

मुंबईत माझं घर आहे. शेजारी मला बाई म्हणतात, विद्यार्थी वाकून नमस्कार करतात, आणि कुणी मला त्या पुस्तकाबद्दल विचारत नाही. विचारते ती काकी. मी घिवलीला गेले की ती दारातच पाट टाकते, ताटात तळलेली मांदेली मासळी वाढते, समोर बसते आणि दर खेपेस तेच म्हणते, "तुला कोनी सांगितलेलं गो, त्याला पुस्तकात घालाया? आमचं काय वाईट चाललेलं?"

मी खाली मान घालून जेवते. ती आणखी एक मांदेली वाढते आणि उत्तराची वाट बघत बसून राहते. एवढा हिशेब मागणारं माणूस मला दुसरीकडे कुठे नाही. म्हणून मी जाते.