रिलीव्हर येईपर्यंत

व्हिडिओ गेमच्या दुकानात चाळिशीची बाई शिरली की तिथले लोक एकच प्रश्न विचारतात, "मुलासाठी का, मॅडम?" पहिली काही वर्षं मी खरं ते सांगायचे, की माझ्यासाठी. त्यावर त्यांच्या चेहऱ्यावर जी दया यायची ती मला सोसवेना, म्हणून मी एक मुलगा तयार केला. तो सध्या आठवीत आहे, त्याला मारामारीचे खेळ आवडतात आणि अभ्यासात तो बरा आहे. लग्न मी केलं नाही, किंवा माझं झालं नाही. नातेवाइकांत दोन्ही मतं आहेत.

हे दुकान नागपूरला आहे. देशभर त्यांच्या शाखा आहेत, चंद्रपुरात नाही. आमच्याकडे बाहेरून लोक येतात ते वाघ बघायला, आणि आमच्या नेटवरून एखादा खेळ उतरवून घ्यायचा म्हटलं तर चार दिवस जातात. त्यामुळे दोनेक महिन्यांतून एकदा मी ऑफिसला दांडी मारून एसटी धरते, नागपूरला उतरते, त्या दुकानात तासभर घालवते आणि संध्याकाळच्या गाडीने परत येते. ऑफिसात सांगते की दातांच्या डॉक्टरकडे गेले होते. ऑफिस सरकारी आहे, त्यामुळे माझ्या दातांची चौकशी अजून कुणी केलेली नाही.

दुकानात शिरल्याशिरल्या नवे खेळ असतात, काचेच्या कपाटात, प्लास्टिकच्या आवरणात, पाहुण्यांसाठी ठेवलेल्या कपबशांसारखे. मागच्या भिंतीला जुने, पिवळी चिठ्ठी लावलेले. जुन्याला तिथे जुनं म्हणत नाहीत, 'प्री-ओन्ड' म्हणतात. माझं अख्खं बालपण त्या हिशेबाने प्री-ओन्ड होतं. शाळेची पुस्तकं, युनिफॉर्म, सायकल, कोळसा खाणीच्या क्वार्टरमधलं लोखंडी कपाटसुद्धा. तेव्हा हा शब्द माहीत असता तर वर्गात जरा ताठ मानेने बसले असते. मी समोरचं कपाट बघते आणि मागच्या भिंतीवरून घेते. खेळून झालं की परत नेऊन द्यायचं, दुकान त्याची काही किंमत धरतं आणि तेवढी पुढच्या खेळातून वजा करतं.

आता बाबांविषयी सांगते. बाबा माजरीच्या कोळसा खाणीत डंपर चालवायचे. तीस वर्षांत त्यांनी कुणाला खरचटूही दिलं नाही, आणि हे ते आल्यागेल्याला पहिल्या पाच मिनिटांत सांगतात. आई गेल्यावर ते माझ्याकडे चंद्रपूरला राहायला आले. सकाळी पेपर, दुपारी झोप, संध्याकाळी बुद्धविहार, आणि मधल्या वेळात माझ्या घरातल्या नळांची दुरुस्ती. नळ संपल्यावर ते माझ्या स्वभावाच्या दुरुस्तीकडे वळले. म्हणून एकदा मागच्या भिंतीवरून मी ट्रकचा खेळ आणला. आपली कंपनी काढायची, गाड्या घ्यायच्या, माल इकडून तिकडे न्यायचा. मला स्वतःला त्यात काडीचा रस नव्हता.

पहिले पंधरा दिवस बाबांनी एकही खेप पोचवली नाही. त्या खेळातला देश परदेशी, तिथे गाड्या उजव्या बाजूने चालतात. बाबा डावीकडूनच जाणार. रोज समोरासमोर धडका व्हायच्या आणि बाबा पडद्याकडे बोट करून मला म्हणायचे, "पाह्य, पाह्य. सगळेच्या सगळे रॉंग साइडनं येऊन राह्यले." मी समजावलं की तिथला कायदाच तसा आहे. त्यावर ते दोन दिवस खेळलेच नाहीत. तिसऱ्या दिवशी, परदेशावर उपकार करत असल्यासारखे, उजवीकडून निघाले.

त्यानंतर मात्र मला माझंच खेळायचं मशीन मिळेनासं झालं. मी ऑफिसातून यायचे तर बाबा चष्मा नाकावर घेऊन, दोन्ही हातांत कंट्रोलर धरून, पाठ न टेकता बसलेले. गाडी सुरू करण्याआधी हॉर्न. वळणाआधी हॉर्न. सिग्नल लाल असेल तर आजूबाजूला काळं कुत्रं नसलं तरी थांबायचं. त्यांच्या कंपनीकडे बावीस गाड्या झाल्या. मी शेजारी बसून ते सगळं बघायचे, आणि माझा तलवारबाजीचा खेळ तसाच पडून राहायचा.

तशात मला समोरच्या कपाटातला एक नवाकोरा खेळ हवासा वाटला. पैसे थोडे कमी पडत होते. ट्रकचा खेळ परत दिला तर जमणार होतं, आणि मशीनही मोकळं होणार होतं. एकदा जेवताना मी सहज म्हटल्यासारखं म्हटलं, "बाबा, तो गाडीवाला गेम आता देऊन टाकू. लय दिवस झाले."

बाबांनी घास खाली ठेवला. "कवा द्यायचा?"

"पुढच्या महिन्यात जाईन तवा."

"कोनाले?"

"दुकानात. मंग घेईल कोनी तरी."

"म्हंजे चार्ज द्यायचा," बाबा म्हणाले आणि पुन्हा जेवू लागले. मला वाटलं, सुटले.

खाणीत चार्ज देणं ही काय चीज आहे हे खाणीच्या कॉलनीत वाढलेल्यालाच कळेल. पाळी संपली म्हणून ऑपरेटर सीट सोडून निघत नाही. पुढच्या पाळीचा माणूस, त्याला रिलीव्हर म्हणतात, तो गाडीपाशी आला पाहिजे. त्याला गाडीभोवती फिरवायचं, कुठला टायर बसलाय, कुठला ब्रेक उशिरा लागतो, आज काय आवाज येत होता ते सांगायचं, लॉगबुकात लिहायचं, त्याची सही घ्यायची, मगच उतरायचं. रिलीव्हर दोन तास उशिरा आला तर दोन तास थांबायचं. बाबा असे थांबायचे म्हणून लहानपणी आमच्या घरात किती भाज्या गार झाल्या त्याची गणती नाही.

आणि त्याच बाबांना आपल्या शेवटच्या गाडीचा चार्ज देता आला नव्हता. डॉक्टरी तपासणीत नजर कमी भरली, त्यांना ऑफिसात हलक्या कामावर बसवलं, आणि त्यांचा डंपर त्यांच्या माघारी दुसरीकडे गेला. एवढंच मला आईकडून कळलं होतं. बाबा त्याविषयी कधी बोलले नाहीत.

दुसऱ्या दिवसापासून बाबा बावीस गाड्या तयार करायला लागले. खेळात गाडी धुता येते, दुरुस्त करता येते. सहसा कुणी ते करत नाही. बाबांनी रोज एक गाडी घेतली. धुतली, टायर बदलले, टाकी भरली, आणि यार्डात तोंड बाहेर करून लावली. मग माझ्या ऑफिसच्या वहीत त्या गाडीचं पान लिहिलं. 'गाडी नं. ७. डाव्या अंगाने ओढते. उतारावर आधीपासून ब्रेक धरणे.' खाली रेघ मारून एका बाजूला 'चार्ज देणार' आणि दुसऱ्या बाजूला 'चार्ज घेणार'.

इथे एक गोष्ट सांगायला हवी, जी मी बाबांना सांगितली नाही. खेळात तुम्ही जे कमावता ते डिस्कवर लिहिलं जात नाही. ते घरच्या मशीनमध्ये राहतं. डिस्क दुसऱ्याकडे गेली की त्याला एका भाड्याच्या गाडीपासून सुरुवात करावी लागते. बाबांच्या बावीस गाड्या कुणालाही मिळणार नव्हत्या. आधी मी गप्प राहिले कारण सांगितलं तर ते खेळ देऊ देणार नाहीत अशी भीती होती. मग गप्प राहिले कारण आठ पानं लिहून झाली होती. पंधरा पानं झाल्यावर तर माझी हिंमतच झाली नाही.

"मी बी येतो," असं बाबा म्हणाले तेव्हा मी नाही म्हणायला हवं होतं. ते इस्त्रीचा शर्ट घालून, वही पिशवीत घेऊन, माझ्याआधी स्टँडवर पोचले.

काउंटरवर एक तिशीची बाई होती, दुकानाचा लाल टी-शर्ट घातलेली. तिने डिस्क उजेडात धरून ओरखडे पाहिले, डबी पाहिली, कॉम्प्युटरमध्ये काहीतरी भरलं. "ठीक आहे मॅडम, एक्स्चेंज होऊन जाईल. मुलाला आवडला नाही का?"

"कोनाचा मुलगा?" बाबांनी विचारलं.

मी खेळांच्या डब्या बघू लागले. बाबांनी वही काउंटरवर उघडली. "लिहून घ्या, मॅडम. पहिली गाडी."

तिने माझ्याकडे पाहिलं. मी नुसती मान हलवली, जे काय समजायचं ते समज अशी. ती समजूतदार होती. तिने तीन गाड्यांपर्यंत ऐकून घेतलं आणि मग म्हणाली, "काका, हे सगळं मी नाही घेणार. जो विकत घेईल त्याला लागेल ना हे."

"बरोबर," बाबा म्हणाले. "थो कवा येते?"

"त्याचं काय सांगता येते? आज येईल, नाही तर महिन्याने."

"मी थांबतो."

आणि ते मागच्या भिंतीपाशी, पिवळ्या चिठ्ठ्यांखाली, एका स्टुलावर जाऊन बसले. मांडीवर वही. आमचा ट्रकचा खेळ तिने त्यांच्या डोक्याच्या जरा वर, फळीवर लावून ठेवला होता. दोन वाजले होते.

गिऱ्हाइकं येत होती. कुणी त्या भिंतीकडे वळलं की बाबा उठून उभे राहायचे. एकाने ट्रकची डबी हातात घेतली, उलटी केली, किंमत पाहिली आणि ठेवून दिली. बाबा पुन्हा बसले. एका जोडप्याने त्यांनाच विचारलं की लहान मुलांचं कुठल्या फळीवर आहे. बाबांनी नीट पाहून सांगितलं. मी नवा खेळ प्लास्टिकसकट पिशवीत टाकून त्यांच्यासमोर तीन वेळा जाऊन आले. "बाबा, चला." "तू चहा पिऊन ये." साडेपाचची थेट गाडी होती. पाच वाजायला आले, आणि माझं डोकं फिरलं.

"बाबा, कोनी येनार नाई," मी म्हटलं. "त्या डिस्कमधी काही नाई. गाड्या सगळ्या घरच्या मशीनमधी आहेत. कोनी बी नेली तरी त्याले तुमची एक गाडी दिसनार नाई. काऊन बसून राह्यले इथी?"

माझा आवाज मोठा होता. काउंटरवरच्या बाईने बिलाचा कागद उगाच सरळ केला.

बाबांनी वर फळीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "तुले कवापासून मालूम आहे?"

"पहिल्या दिवसापासून."

त्यांनी वही मिटली. काउंटरपाशी जाऊन विचारलं, "मॅडम, कुठी सही पायजे का माही?" तिने नको म्हटलं, सगळं कॉम्प्युटरवर झालं होतं. मग तिला राहवलं नाही. "काका, जो घेईल त्याला मी सांगेन, तुम्ही किती नीट चालवली ते."

"गाडीच नाई तं काय सांगता," बाबा म्हणाले. रागाने नाही. तिला नमस्कार करून ते बाहेर पडले.

साडेपाचची एसटी मिळाली. बाबा खिडकीशी बसले. बुटीबोरी मागे पडली. मला लाज वाटत होती, आणि लाज वाटली की मला बोलता येत नाही, भांडता तेवढं येतं. शेवटी मी म्हटलं, "चुकलं माझं. तुम्हाले वाईट वाटंल म्हनून नाई सांगितलं."

"हो," बाबा म्हणाले. "आमच्या ऑफिसातला बाबू बी तसाच होता. चांगला मानूस."

मग त्यांनी ते सांगितलं, इतक्या वर्षांत पहिल्यांदा. हलक्या कामावर बसवल्यावर त्यांनी बाबूला विनंती केली होती, गाडी दुसऱ्याला देतील तेव्हा एकदा मला बोलवा, मी चार्ज देतो. बाबू म्हणाला, उद्या. बाबा दुसऱ्या दिवशी धुतलेला युनिफॉर्म घालून गेले. बाबू म्हणाला, आज नाही, उद्या. असे आठ दिवस बाबा लॉगबुक काखेत घेऊन ऑफिसच्या बाकावर बसले. गाडी पहिल्याच दिवशी दुसऱ्या खाणीत गेलेली होती.

"मंग तुम्हाले कवा समजलं?"

"आठव्या दिवशी. चहावाल्यानं सांगितलं."

"वाईट वाटलं असंल."

"गाडी गेली त्याचं नाई, बाई," बाबा म्हणाले. "गाड्या जातेतच. मी रोज इस्त्री करून येऊन राह्यलो, न् अख्ख्या ऑफिसले मालूम होतं. त्याचं वाटलं."

 बाबा रोज एक गाडी धुतात, तिचं पान लिहितात, खाली सहीची जागा सोडतात, हे मी महिनाभर आमच्या ऑफिसात डब्याच्या वेळी रंगवून सांगत होते. आज कितवी गाडी झाली, असं लोक मला सकाळीच विचारायचे.