मातीतली जागा

बाईंना ‘नाही’ म्हणायचं असलं की त्या बोलत नसत. हनुवटी वर उचलायच्या, भुवया ताणायच्या आणि जीभ टाळूला लावून बारीक ‘च्’ करायच्या. त्यांच्या देशात नकार असाच देतात. आमच्याकडे तो कुणाला कळायचा नाही. मुन्शी घाटावरच्या गल्लीतला चहावाला विचारी, “और दें, माताजी?” बाई हनुवटी वर करत. तो आधी वर बघे, छपरावर माकड तर नाही ना म्हणून, आणि मग चहाचं दुसरं मातीचं कुल्हड पुढे करी. बाई निमूट पीत. मला म्हणत, “तुमच्या गावात नाही म्हणणं कठीण आहे रे.”

आमच्या घराच्या वरच्या खोलीत त्या अकरा वर्षं भाड्याने राहिल्या. ग्रीसमधल्या एका बेटावर शाळेत शिकवायच्या. निवृत्त झाल्यावर संस्कृत शिकायला काशीला आल्या आणि राहूनच गेल्या. आमचं घराणं पुरोहितांचं. मी बँकेत चिकटलो, तरी वडील गेल्यावर बाईंना सकाळी तासभर शिकवणं माझ्याकडे आलं. मराठी मात्र त्या माझ्या आईकडून शिकल्या. म्हणजे आमची इथली, अर्धी हिंदीत भिजलेली.

घाटावरचा म्हातारा नावाडी त्यांना छेडायचा, “का हो सिकंदर की नानी, आपके लोग तो कब के खतम हो गए!”

“अभी हैं,” बाई म्हणत. पायऱ्या चढताना तेच मला मराठीत सांगत, “अजून आहोत.” दिवसातून एकदा तरी हे दोन शब्द त्यांच्या तोंडून यायचेच. वीज गेली, गुडघा दुखला, पुरात खालची पायरी बुडाली, की “अजून आहोत.”

एकदा मी मुद्दाम खोडी काढली. “बाई, ते पुतळ्यांचे, देवळांचे ग्रीक वेगळे. तुमचे देव बदलले, राज्यं बदलली, भाषा झिजली. मग राहिलं काय?”

त्यांनी शेगडीवरच्या पातेल्याचं झाकण काढलं. आत उकडलेले गहू होते. त्यांच्याकडे वर्षातले काही शनिवार मेलेल्यांचे असतात. गहू उकडून, निथळून, त्यात साखर, मनुका, बदाम, डाळिंबाचे दाणे घालतात, आणि घराण्यातल्या गेलेल्यांची नावं मोठ्याने वाचून ते वाटतात.

“हे डाळिंब बघ,” बाई म्हणाल्या. “हे चर्चच्या आधीचं. पुतळ्यांच्या लोकांचं. देव बदलले, पण मेलेल्यांना काय आवडतं ते आम्ही विसरलो नाही.”

आईने हातावर घेऊन चाखलं. “अगंबाई, हे तर आपल्या पितृपक्षासारखंच! फक्त साखर जरा जास्ती झाली.”

नावांची वही बाईंच्या आजीची होती. समुद्रापलीकडच्या गावातून त्यांच्या लोकांना घरंदारं सोडून पळावं लागलं, तेव्हा आजीने दोनच गोष्टी घेतल्या, किल्ली आणि वही. किल्ली पुढे कुठे हरवली. वहीतली पहिली नावं कुणाच्या हातची, ते बाईंनाही ठाऊक नव्हतं. त्यांना मूलबाळ नव्हतं. म्हणून वहीतली ग्रीक लिपी त्यांनी मला शिकवली. “पुरोहिताचा मुलगा तू. नावं वाचायचं काम तुला जमेल.”

एकदा शिंदे घाटाच्या पायऱ्यांवर बसलो होतो. पलीकडे मणिकर्णिकेच्या चितांचा धूर. मी नेहमीसारखं सांगायला लागलो, की इथे देह पडला की सुटका, पुन्हा येणं नाही. बाईंनी हनुवटी उचलली. ‘च्.’

“मला सुटका नको. आम्ही मातीत थांबतो. हाक येईपर्यंत.”

“कसली हाक?”

“नावाची. एक दिवस प्रत्येकाला नावाने हाक मारणार, आणि आम्ही उठणार. गहू उठतो तसे. जळलेला दाणा उगवतो का?” मग माझा हात धरून म्हणाल्या, “मला जाळू नकोस. वचन दे.”

“दिलं, बाई.”

त्याच आठवड्यात रिक्षाने मला छावणीकडच्या ख्रिस्ती कब्रस्तानात घेऊन गेल्या. भिंतीलगत, कडुनिंबाखाली एक कोपरा दाखवला. “इथे. सावली आहे,” म्हणाल्या. भाड्याची खोली बघायला आल्यासारख्या खूश होत्या.

आता जे आजवर कुणाला सांगितलं नाही, ते तुम्हाला सांगतो.

ऐन जेठात बाईंना झटका आला. वाचा गेली. डॉक्टरांनी घरी न्या म्हणून सांगितलं. चौथ्या दिवशी आई उशाशी बसून म्हणाली, “बाई, काळजी नको हं. तुम्हाला मणिकर्णिकेलाच नेऊ.”

बाईंनी हनुवटी वर उचलली. आवाज निघाला नाही.

“बघ, वर बघितलं!” आई रडायला लागली. “देवाला बघितलं रे!” शेजारीण म्हणाली, “बड़ी भागवाली हैं.” मग दोघींनी माझ्याकडे पाहिलं. त्या खोलीत ती खूण एकट्या मला वाचता येत होती.

“हो,” मी म्हटलं.

बाईंनी माझ्याकडे बघून पुन्हा हनुवटी उचलली. अगदी सावकाश. वर्गात एखाद्याला समजलं नसलं की शिक्षक पुन्हा सांगतो तशी.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या गेल्या. कळवल्यावर त्यांच्या दूतावासातून फोन आला. नातेवाईक कुणी नव्हतेच. पलीकडच्या माणसाने अदबीने विचारलं, त्यांची इच्छा काय होती?

“मणिकर्णिका,” मी म्हटलं.

का? ऊन मरणाचं होतं. कब्रस्तान लांब, परवानगी काढायची, पाद्री शोधायचा. मणिकर्णिका पंधरा मिनिटांवर. हे एक. दुसरं सांगायला जास्त लाज वाटते. मला खरंच वाटलं, की मी त्यांना अधिक चांगलं काही देतोय. आमच्या घराण्याने पिढ्यानपिढ्या परक्या यात्रेकरूंना जे मिळवून दिलं, ते घरच्या माणसाला नको कसं म्हणायचं? जिने हात धरून नको म्हटलं होतं, तिला मी दिलं. अग्नी मीच दिला, राखही मीच गंगेत सोडली. दुपारपर्यंत बाईंचं काही उरलं नव्हतं. आम्ही आमचं काम नीट करतो.

आई दोन वर्षांनी गेली. “बाईंचं सोनं झालं,” शेवटपर्यंत म्हणत होती. तिलाही मी काही बोललो नाही.

वही माझ्याकडे आहे. शेवटचं नाव मी लिहिलंय, माझ्या वेड्यावाकड्या अक्षरात. ते इथे लिहिणार नाही. ते तिथेच असू दे. वसंतातल्या त्या शनिवारी गहू उकडतो, डाळिंब सोलतो, डबा घेऊन कडुनिंबाच्या कोपऱ्यात जातो. ती जागा अजून रिकामी आहे. नावं एकेक करून वाचतो. शेवटच्या नावावर बोट ठेवतो. बाकीचे सगळे कुठल्या ना कुठल्या मातीत आहेत. या एका नावाला हाक आली, तर ओ कुठून येणार?

यंदा तिथला रखवालदार जवळ आला. मूठभर गहू मी त्याच्या हातावर ठेवले. खात खात त्याने भिंतीलगतच्या गवताकडे पाहिलं.

“आपका कोई है यहाँ, बाबूजी?”

माझी हनुवटी आपसूक वर गेली. ‘च्.’

त्याला काही कळलं नाही. तो मान वर करून कडुनिंबात बघत राहिला.