कोंडीवरल्याचे नाव

खालच्या पेठेचा इतिहास कुणी कागदावर उतरवला नव्हता. तो दत्ताराम तारीच्या तोंडात होता. शिमग्याला आणि नारळी पौर्णिमेला तो नदीकाठी देवांना गाऱ्हाणे घालायचा, तेव्हा काय तो ऐकायला मिळायचा. हातात नारळ धरून तो पेठेतली ठिकाणे एकेक करून घेई. देवगडचे पडाव जिथे मीठ आणि कौले उतरवत ती धक्क्याची पायरी, जकातीची पडकी माडी, पारावरचा पिंपळ, फेलिक्सच्या आजोबाने बांधलेला क्रूस, आणि क्रुसाखाली नदी वळते तिथला खोल डोह, म्हणजे कोंड. प्रत्येक ठिकाणाला आपापला राखणदार. त्यात कोंडीवरचा देवचार भारी तापट, म्हणून त्याचे नाव जरा दबकतच घेतले जाई. प्रत्येक नावाला पेठ एका सुरात "होय म्हाराजा" म्हणे. देवसुद्धा माणसासारखेच, नाव राहिले की रुसतात.

हा मान दत्तारामच्या घराण्याचा, आणि नदीवरची तर, म्हणजे लोकांना पार नेणारी होडीही, त्याचीच. बापाकडून दोन्ही त्याला मिळाले, त्याच्यामागे दोन्ही शिवाला मिळायचे. शिवा त्याचा एकुलता एक मुलगा. मान गेला तर पोटाला चिमटा बसत नाही, पण पेठेत तोंड दाखवायला जागा उरत नाही. दत्तारामला पोटापेक्षा तोंडाचीच काळजी जास्त होती. सगळे रामायण त्यातूनच घडले.

सत्तावन-अठ्ठावन साली पुलाचे ठरले. मधला खांब नेमका कोंडीत येणार होता. पेठेतले दुकानदार मोटारी येणार म्हणून हरखले. पडाव आधीच कमी झाले होते, धक्क्याला गाळ धरला होता, आणि पूल झाल्यावर तरीत कोण बसणार हे सांगायला जोशी नको होता. कामावरचा मुकादम होता तो क्रुसाकडचा फेलिक्स. तो स्वतः येऊन दत्तारामला कामाच्या मुहूर्ताला गाऱ्हाणे घालायचे आमंत्रण देऊन गेला. आपल्याच ताटात माती कालवायची आणि वर देवाला साकडे घालायचे! नाही म्हणावे तर चुलतभाऊ मान घ्यायला टपलेलाच होता.

दत्ताराम गेला. पायरी झाली, माडी झाली, पिंपळ झाला, क्रूस झाला, आणि कोंड सोडून त्याने तडक नारळ फोडला. पेठेने होय म्हाराजा म्हटले. कुणाच्या ध्यानात आले नाही. बायकांच्या घोळक्यातून फक्त रुक्मिणीने, त्याच्या बायकोने, मान वर करून त्याच्याकडे पाहिले.

घरी आल्यावर तिने जेवण वाढले आणि मग बोलली, "तुमी कोंडीवरल्याचा नाव घेवक नाय."

"पूल झालो काय आपली तर बंद. मगे खातलंव काय?"

"तेचा नाव न घेता तेच्या पाण्यात कोण उतरलो तर बरा नाय. माघारी जावन घेवन येवा."

दत्तारामने ताट बाजूला सारले. खांब कोसळावा एवढेच त्याच्या मनात होते, माणसांचा विचारच त्याने केला नव्हता. खरे तर चोरून जाऊन नाव घेण्यात अर्थ नव्हता. पेठ होय म्हणाल्याशिवाय गाऱ्हाणे पोचत नाही. आणि पेठेसमोर पुन्हा घालायचे म्हणजे आपण लबाडी केली हे कबूल करायचे. मग मान कुठला?

पुढच्या वर्षी शिवा पुलाच्या कामावर जायला निघाला. दत्तारामने त्याला नको म्हणून सांगितले, रागावून पाहिले, आई आजारी असल्याचे निमित्तही काढून पाहिले. का नको ते मात्र त्याला सांगता येईना. शिवा हसत म्हणाला, "बाबा, पूल झाल्यार तरीत कोण बसतलो? माका आतापासूनच काय तरी बघूक व्हया." रुक्मिणी दारात उभी होती. तिने नवऱ्याकडे पाहिले, आणि नवऱ्याने जमिनीकडे. दत्तारामने मनाशी ठरवले, शिमग्यालाही आपण ते नाव गाळलेच, आता नारळी पौर्णिमेला नेहमीचे गाऱ्हाणे आहेच, त्यात गुपचूप नाव घालू. कुणाला कळणार नाही. सापही मरेल आणि काठीही मोडणार नाही.

वैशाखात पावसाच्या आधी काम उरकायची घाई सुरू झाली. मधल्या खांबाची परांची सुटली आणि शिवा कोंडीत गेला. दोर कुजका होता, असे फेलिक्स नंतर रडत सांगत होता. पण दत्तारामला त्या दोराचे काय! भर दुपारी त्यानेच आपली तर पाण्यात घातली, फेलिक्सने बुड्या मारल्या, आणि ओहोटी लागल्यावर शिवा जकातीच्या माडीखाली सापडला. आजवर वऱ्हाडे, बाळंतिणी, गुरे, सगळे त्याने त्या तरीतून पार नेले होते. त्या दिवशी स्वतःच्या पोराला घेऊन तो धक्क्याला आला, तेव्हा त्याच्या हातातली काठी लोकांना सोडवून घ्यावी लागली.

पेठेने त्याचे सांत्वन केले ते असे: पूल एक जीव मागतोच, तो त्याने घेतला, आता हलायचा नाही. आणि पूल खरेच हलला नाही.

पूल खुला झाला त्या दिवशी पहिला मान दत्तारामला दिला. त्याने पुलाच्या तोंडाशी उभे राहून गाऱ्हाणे घातले. आवाज बसला होता, पण एकही जागा चुकली नाही. दुकानदार बाळाशेट पुढे झाला. त्याने दत्तारामच्या खांद्यावर हात ठेवला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणाला, "दत्तारामा, तुझा गाऱ्हाणा देवान ऐकल्यान, म्हणान पूल उभो रवलो."

लोकांनी माना डोलावल्या. रुक्मिणी बायकांत उभी होती. शिवा गेल्यापासून तिने त्या गाळलेल्या नावाचा चकार शब्द काढला नव्हता.

"ऐकल्यान तर," ती म्हणाली. "ह्यांनी सांगल्यानी, तसाच्या तसाच ऐकल्यान."

बाळाशेटला ते शब्द भक्तीचे वाटले. त्याने हात जोडले. दत्ताराम मात्र जागच्या जागी थिजला. मागून कुणीतरी म्हणाले, चला, पहिले पाऊल तुमचे. मग तो पुलावर चढला, आणि सगळी पेठ वाजतगाजत त्याच्या मागे निघाली.