ऑगस्टीनची वाडी आणि लाल लुगडं

निर्मळच्या ऑगस्टीनला लाल आणि हिरवा सारखेच दिसत, आणि हे त्याने साऱ्या गावापासून बेमालूम लपवलं होतं. पिकला टोमॅटो तो बोटांनी चाचपून तोडी. यंदा मात्र पवित्र आत्म्याच्या सणाला देवळाची वेदी सजवताना घोटाळा झाला. तिच्यावर लाल कापड हवं, यानं हिरवं अंथरलं. फादरांनी हसण्यावारी नेलं. नात टिफनीने नेलं नाही. ती कॉलेजात सिनेमा शिकत होती, आणि डोळ्यांना जग कसं दिसतं यावरच तिला छोटी फिल्म करायची होती. तिने आजोबांना बरोबर पकडलं.

तो फिल्मला कबूल झाला खरा, पण जीव बायकोत अडकला. सणासुदीला रेजिना लग्नातलं लाल लुगडं नेसे, कशी दिसते विचारी, आणि हा पठ्ठ्या बेधडक सांगे, लालभडक. तिची तक्रार एकच. दारात लाल गुलाब फुललेला असताना नवरा रोज आपला सोनचाफाच आणून देतो. आता ते जन्माचं खोटं तिच्यासमोर उघडं पडणार, म्हणून ऑगस्टीन मनातून घाबरला होता.

टिफनीने आजीला लुगडं नेसवून वाडीतल्या बावखलाच्या तळ्याकाठी उभं केलं. त्या पाण्यावर केळींच्या सावल्या झोपेत असल्यासारख्या हलत होत्या. मग लॅपटॉपवर तेच चित्र शेजारी-शेजारी दोनदा मांडून ती एकातले रंग उतरवत गेली. दोन्ही सारखेच दिसतात असं आजोबा म्हणाले, तेव्हा थांबली.

तिन्हीसांजेला ओटीवर चादर बांधून तिने प्रोजेक्टर लावला. चादरीवर वाडी उमटली, पण केळी, माती, लुगडं, सगळं एकाच मातकट धुक्यात विरघळलेलं. रेजिना स्वतःला शोधत राहिली. ऑगस्टीनला ती रोजचीच वाडी होती. तो बायकोकडेच बघत होता.

"तुमाला मी अशी दिसते?" तिने विचारलं.

त्याने मान हलवली. लालभडक हा शब्द नुसता ऐकून शिकलो, असं पुटपुटला. रेजिनाचे डोळे भरून आले. तेवढ्यात चित्रातली रेजिना वळली, आणि त्या धुक्यात अंबाड्यातला सोनचाफा पिवळाधमक उजळला. बाकी कशालाच रंग नव्हता.

"देवळातली मिस्सा सुटल्यावर गर्दीत तू कुठे हायेस," ऑगस्टीन म्हणाला, "ते मला या फुलावरनं कळतं."

रविवारी देवळात निघताना रेजिनाने दोन चाफे मागून घेतले. आज गर्दी जास्त असेल, म्हणाली.