तिसऱ्या खणातले अकराशे सदतीस रुपये

सुलक्षणा धुरी चोवीस वर्षं केसपेपरच्या खिडकीत बसत होती. पूर्व उपनगरातलं सरकारी रुग्णालय, वीस रुपयांचा केसपेपर, आणि समोर येणारी नोट हमखास शंभराची नाहीतर पाचशेची. ती तोंडाने फटकळ. पेशंट तिला वचकून असत आणि त्याचं तिला काही वाटत नसे. वडिलांची गिरणी बंद पडल्यावर घाटकोपरच्या त्यांच्या खोलीत पहिला कायमचा पगार तिने आणला होता. त्या नोकरीचा तिला ताठा होता.

लोक उरलेले पैसे न घेताच डॉक्टरकडे पळायचे. कधी घाईत तिच्याकडूनच जास्त दिले जायचे. नियमाप्रमाणे जास्तीचे पैसे वेगळी पावती करून भरायचे, कमी पडले तर स्वतःचे घालून खुलासा लिहायचा. रोज हे कोण करणार? हेडक्लार्क जयवंत वायंगणकरने तोड काढली होती, बिस्किटांचा पत्र्याचा एक डबा. जास्तीचे त्यात टाकायचे, कमी पडले तर त्यातून काढायचे. चारही खिडक्यांना तो पुरायचा. सुलक्षणाच्या टेबलाच्या तिसऱ्या खणाला कुलूप होतं, म्हणून तो तिच्याकडे.

मागच्या मार्चमध्ये दक्षता पथकाची तीन माणसं आली आणि खिडक्या बंद झाल्या. गल्ला पावत्यांशी जुळला. सकाळी कामावर येताना नियमाप्रमाणे नोंदवहीत तिने स्वतःजवळचे सव्वाशे रुपये लिहिले होते, पर्समध्ये तेवढेच निघाले. मग त्यांनी तिसरा खण उघडायला लावला. डब्यात अकराशे सदतीस रुपये होते.

ती जयवंतकडे वळली. दोघं मालवणकडची, एकाच वर्षी लागलेली, अरेतुरेतली. ती म्हणाली, "जयवंता, सांग मरे त्यांका."

जयवंतने पथकाकडे पाहूनच उत्तर दिलं, तेही शुद्ध मराठीत. "खण यांचा आहे. यांनाच विचारा."

शेजारच्या खिडकीतली अक्षता स्क्रीनवरची नजर न हलवता बसून राहिली.

त्याच आठवड्यात निलंबन झालं. सात महिने अर्ध्या पगारावर काढले. घराच्या हप्त्याच्या तारखेला नवरा सुबोध हिशेब मांडत बसायचा आणि जेवायला उशिरा यायचा. शेजारणी तिला ऐकू जाईल इतपत आवाजात बोलायच्या.

चौकशीत जयवंतने डबा कधी पाहिलाच नाही असं लिहून दिलं. अक्षतानेही तेच सांगितलं. सुलक्षणाने तिला समोरासमोर विचारलं, की फेब्रुवारीत तुला दोनशे कमी पडले होते, ते कुठून भरले? अक्षता म्हणाली, आठवत नाही.

चौकशी अधिकारी क्षमा नाडकर्णी यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि शेवटी एकच विचारलं. "इतक्या वर्षांत उरलेले पैसे घ्यायला कुणाला परत बोलावलंत?"

ऐंशी रुपये मागायला दुसऱ्या दिवशी आलेल्या एका म्हाताऱ्याला सुलक्षणाने रांगेसमोर हाकलून दिलं होतं. घरी येताना ती त्या नाडकर्णींवरच चिडून होती, आणि त्यांनी चुकीचं काही विचारलं नव्हतं म्हणून जास्तच.

अपहार सिद्ध झाला नाही. हिशेबाबाहेरची रक्कम ठेवल्याचं सिद्ध झालं. एक वेतनवाढ दोन वर्षांसाठी रोखली आणि तिला त्याच खिडकीत परत पाठवलं.

ती परत आली ती नियमाचं पुस्तक घेऊन. रोज दुपारी गल्ला बंद करताना ती अर्ज लिहायची, आज तीन रुपये जास्त, आज दोन रुपये कमी. त्यावर जयवंतची सही लागे, मग चलन, मग त्याची नोंद. तीन रुपयांसाठी त्याला रोज पाऊण तास थांबावं लागे. पेशंट पैसे विसरून निघाला की ती माइकवर त्याचं नाव पुकारायची, रागारागाने, तो परत येईपर्यंत. तोवर रांग थांबायची. लोक ओरडायचे, ती ढिम्म.

महिन्याभराने जयवंत तिच्या टेबलाशी आला. "सुलक्षणा, किती दिवस चालणार हे?"

"साहेब, तुम्ही सही करा," ती म्हणाली.

त्या 'साहेब'नंतर त्याने अर्ज पुढे ओढून सही केली. दिवाळीनंतर त्याने भांडार विभागात बदली मागून घेतली.

अक्षता एकदा कॅन्टीनमध्ये तिच्यासमोर येऊन बसली. तेव्हा ती प्रोबेशनवर होती, खरं सांगितलं असतं तर नोकरी गेली असती, घरी कमावणारं दुसरं कोणी नव्हतं, असं सगळं खाली मान घालून सांगत राहिली. सुलक्षणाने ऐकून घेतलं.

"तुझ्या जागी मी असते तर मीपण गप्प बसले असते," ती म्हणाली. "पण म्हणून तुझ्यासोबत जेवणार नाही. ऊठ."

अक्षता उठून गेली. सुलक्षणाने डबा उघडला आणि भाजी गार झालेली असूनही सावकाश, शेवटच्या घासापर्यंत जेवली.