भागूबाईचा अर्थ

कुरुंद्याच्या जुन्या माणसांत उकंडरावाला नावानं हाक मारणारं कुणी उरलं नव्हतं. त्यांच्या लेखी तो भागूबाई.

एकतीस वर्षांपूर्वी त्याचा थोरला भाऊ बालाजी गाळ काढायला विहिरीत उतरला. पाणी उपसायला डिझेलचं इंजिन आतल्या टप्प्यावरच लावलं होतं. त्याचा धूर तळाशी कोंडला अन् बालाजी उभ्याचा कोसळला. त्याला धरायला गडी रामसिंग उतरला, तोही पडला. उकंडराव काठावर दोर धरून उभा. पाय उचलेनात. धावत आलेली भावजय मनकर्णा म्हणाली, "उतर की खाली, भागूबाई."

तो उतरला नाही. उतरला असता तर तिसरा मुडदा निघाला असता, असं डॉक्टर नंतर म्हणाले. ते ऐकायला गाव थांबलं नव्हतं.

आधी त्याला राग यायचा. मग तो त्या नावाला ओ देऊ लागला. भावाचं रान त्यानंच कसलं, पुतण्या उजवल्या. मनकर्णा त्याच घरात राहिली, पण कधी थेट बोलली नाही. निरोप लेकरांच्या तोंडी यायचे.

यंदा नात आरोहीला शाळेच्या कामासाठी वापरातून मागं पडलेले शब्द जमवायचे होते, अर्थ अन् उगमासकट. उकंडराव अंगणात शिजवून वाळत घातलेली हळद पालथी करत होता.

"आबा, भागूबाई म्हंजे काय?"

"भित्रा माणूस."

"पण शब्द आला कुठून?"

ते त्याला ठाऊक नव्हतं. पोरगी ओट्यावर बसलेल्या मनकर्णेकडं वळली. तिनं सांगितलं, भागीरथीचं लाडकं नाव भागू. बाईचं नाव गड्याला चिकटवलं की शिवी होते, असंच काही असंल, पक्कं कुणाला ठाऊक. तिच्या आईचंही नाव भागीरथीच, अन् ती बाई कुणाला भ्यायली नव्हती.

मग हळदीकडं बघत ती म्हणाली, "त्या दिशी मी बी काठावरच व्हते. मी बी उतरले न्हाई."

उकंडरावानं ऐकलं. आत काही हलेल म्हणून तो जरा थांबला. काही हलेना, तेव्हा हळदीची दुसरी बाजू पालथी करायला गेला. आरोहीनं सगळं वहीत उतरवून घेतलं.

दिवस कलल्यावर मनकर्णेनं दारातून हाक दिली, "भावजी, जेवायला या."

तो हात धुऊन पाटावर बसला. हाक तिनं स्वतः मारली होती, हे त्याच्या ध्यानात आलं तेव्हा ताट रिकामं झालं होतं.