बी विंगचा समुद्र

मुलुंडला समुद्र नाही, ही भूगोलातली उणीव आमच्या सोसायटीने भरून काढली. पुनर्विकासासाठी आमची जुनी इमारत पाडली गेली, तळघरातल्या पार्किंगसाठी प्रचंड खड्डा खणला गेला, आणि तो पुरेसा खोल झाल्याची खात्री पटल्यावर बिल्डर दिसेनासा झाला. पावसाने मात्र आपलं काम चोख केलं. त्यात खाली कुठलासा झरा लागलेला, त्यामुळे उन्हाळ्यातही पाणी हटेना. समुद्र कायमचा झाला.

आम्ही सभासद आसपास भाड्याने विखुरलो होतो. संध्याकाळी पाय आपोआप तिकडे वळत. पत्र्याच्या कुंपणाला जिथे फट होती तिथून आत शिरायचं आणि काठावर उभं राहायचं. त्यातही शिस्त होती. ए विंगवाले ए विंगच्या बाजूला, बी विंगवाले बीच्या. कोणी चुकून दुसऱ्याच्या काठावर उभा राहिला, तर जुन्या पार्किंगच्या भांडणातली नजर त्याच्यावर रोखली जाई. लिफ्ट होती तिथलं पाणी सगळ्यात काळं, तो आमचा खोल समुद्र. मीटररूमच्या जागी एक छोटा उपसागर. नारळी पौर्णिमेला काही उत्साही मंडळींनी समुद्राने मागे हटावं म्हणून नारळ आणला आणि तळमजल्यावरच्या आमच्या कोळी मावशींना तो अर्पण करायला सांगितलं. त्या म्हणाल्या, “खड्ड्याला नारळ दिला तर उद्या दर्याला काय तोंड दाखवू?” नारळाची शेवटी चटणी झाली.

जीवसृष्टीची सुरुवात डासांपासून झाली. डासांसाठी पालिकेच्या माणसांनी गप्पी मासे सोडले. गप्पींसाठी खंड्या आला, त्याच्यामागून बगळे. मग काठाला पाणकणीस उगवलं, त्यात पाणकोंबड्या शिरल्या, आणि एका सकाळी अडई बदकांची जोडी आली, तीही पिल्लं घेऊन. बिल्डर सोडून सगळे आले.

माझ्या वडिलांनी ऐंशी ओलांडली आहे. ते दुष्काळी तालुक्यातून मुंबईला आले. गावात विहिरी दोन होत्या, गावाची आणि आमच्या वस्तीची, आणि आमच्या विहिरीला पाणी नसे. टेलिफोन खात्यात आयुष्य काढून त्यांनी बी विंगमध्ये दुसऱ्या मजल्यावर घर घेतलं. आता त्यांची एकच इच्छा उरली होती, त्या घरात परत जायचं. “भाड्याच्या घरात मरायचं तर मालकाला विचारावं लागेल,” असं ते म्हणत, आणि हसत नसत.

रोज संध्याकाळी मी त्यांना काठावर खुर्ची टाकून देई. ते पाणी उतरलं का बघत. मी पिल्लं वाढली का बघत असे. मला तो समुद्र आवडू लागला होता. कापडी पिशवी विसरलो तर कोथिंबिरीची जुडी हातात धरून घरी येणारा माणूस मी, मला अपराधी वाटायला मुळात फार काही लागत नाही. पण बापाच्या घरावर साचलेलं पाणी आवडणं जरा जास्तच होतं. त्यावर कडी म्हणजे मी पिल्लांचा फोटो एरियाच्या ग्रुपवर टाकला.

पुढच्याच रविवारी शेजारच्या टॉवरमधली मंडळी हातभर लांबीच्या लेन्स घेऊन हजर. कालपर्यंत त्यांच्या गॅलरीतून खड्डा दिसत होता, आता सरोवर दिसू लागलं. ‘सरोवर वाचवा’ असा फलकही लागला. निसर्गप्रेम खरं असणारच. टॉवरमधल्या विकाऊ फ्लॅटच्या जाहिरातीत ‘लेक व्ह्यू’ त्याच आठवड्यात आला, तो योगायोग. नेमका नवा बिल्डर तयार झाला होता आणि पाणी उपसायला पंप येणार होता. खड्ड्याची जागा पाणथळ म्हणून जाहीर झाली असती तर आमचं घर कायमचं पाण्यात.

टॉवरमधल्या एक बाई त्यासाठीच्या अर्जावर सह्या गोळा करत आमच्यापर्यंत आल्या. आवाज गोड, बूट महाग. त्यांनी वडिलांना विचारलं, “काका, तुम्ही इथलेच का?”

वडिलांनी काठी उचलून पाण्यावरून उडालेलं बदक दाखवलं. “ते आत्ता माझ्या स्वयंपाकघरातून गेलं.”

बाईंना ते फारच काव्यमय वाटलं. त्या म्हणाल्या, “किती छान बोलता. मग सही करा ना, इथल्या सगळ्या जिवांसाठी आहे.”

“करतो की. जिवांमध्ये बी विंग धरलीय का, तेवढं सांगा.”

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. पेन माझ्या हातात दिलं. वडील मुद्दाम पाण्याकडे बघत राहिले, माझ्याकडे नाही. नाही म्हणायचं धैर्य माझ्यात नव्हतं आणि सही करायचंही नव्हतं, म्हणून विचार करून सांगतो म्हणालो आणि पेन परत दिलं. माझ्यासारख्यांनी आजवर जगाचं जे काही वाचवलंय ते असंच.

पण अर्जाचा निर्णय लागायच्या आधी पंप आला. वडील देव मानत नाहीत, तरी त्या पंपाकडे त्यांनी ज्या नजरेने पाहिलं तशी नजर मी देवळाच्या रांगेतही पाहिलेली नाही. मोटर सुरू झाली. पाणी रोज उतरू लागलं, वडिलांचं जेवण वाढू लागलं, आणि मी सुटलो असं मला वाटलं.

शेवटी खोल समुद्रात तेवढं डबकं राहिलं. अडई बदकं त्यातच दाटीवाटीने बसली होती. पिल्लं आता उडण्याइतकी मोठी झालेली. पंपाचा पाइप तिकडे वळवला, तशी सगळी एकदम उठली, आमच्या दुसऱ्या मजल्याच्या उंचीवर एक फेरी मारली आणि तुळशी तलावाच्या दिशेने गेली.

मी वडिलांना म्हणालो, चला, आता काम सुरू होईल, तुमचं घर होईल. ते अजून आकाशाकडेच बघत होते.

“यांना नोटीस दिली होती का रे?”

मी नाही म्हणालो.

“आपल्याला निदान दिली होती,” ते म्हणाले, आणि खुर्ची उचलायची खूण केली.